न देणारा आणि देऊ न शकणारा

२००७ साली अमेरिकेतल्या फर्ग्युसन शहरात एका बाईने गाडी चुकीच्या जागी लावली. दंड झाला १५१ डॉलर आणि वर थोडे शुल्क. बाईची पैशाची ओढाताण होती, मधली काही वर्षे तर डोक्यावर छप्परही नव्हते. कोर्टाच्या तारखा चुकल्या, भरणे चुकले. प्रत्येक चुकलेल्या तारखेचा नवा गुन्हा लागला आणि त्याचा नवा दंड. तिला दोनदा अटक झाली, सहा दिवस कोठडीत काढावे लागले. मध्यंतरी तिने एकदा २५ आणि एकदा ५० डॉलर भरायचा प्रयत्न केला, तर कोर्टाने ते परत केले. भरायचे तर सगळे एकदम. डिसेंबर २०१४ पर्यंत तिने ५५० डॉलर भरले होते आणि तरीही ५४१ डॉलर तिच्या नावावर बाकी निघत होते. अमेरिकेच्या न्याय खात्याने मार्च २०१५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालात ही हकीकत आहे.

मूळ १५१, भरले ५५०, बाकी ५४१. एखाद्या सावकाराने असा हिशोब मांडला असता तर त्याच्यावर गुन्हा दाखल करा म्हणून आपण ओरडलो असतो. तोच हिशोब सरकारी शिक्क्याखाली आला की त्याला वसुली म्हणतात, आणि वाचणाराही मान डोलावतो, कारण दंड तर तिला झालाच होता.

मी दंडाच्या विरोधात नाही, हे आधीच सांगते. भरधाव गाडीखाली माणसे मरतात, शाळेसमोर सिग्नल तोडले जातात. दंड हवा आणि झालेला दंड वसूलही व्हायला हवा, नाहीतर नियम पाळणाराच वेडा ठरतो. वाहनांच्या शुल्काचेही तेच. रस्ते, सिग्नल, नोंदणीचे दप्तर फुकट चालत नाही. माझा आक्षेप वसुलीच्या रीतीला आहे. थकबाकीदार दोन जातीचे असतात. एक न देणारा, दुसरा देऊ न शकणारा. पहिल्याकडे पैसे असतात, दानत नसते; दुसऱ्याची दानत असली तरी खिसा रिकामा असतो. वसुलीचे खाते या दोघांना एकच नोटीस पाठवते, एकच विलंब आकार लावते, एकाच मुदतीत उत्तर मागते. मग पहिला वकील गाठतो किंवा सवलतीची वाट बघत बसतो, आणि दुसरा भरडला जातो. या दोघांना वेगळे काढणे हे वसुलीचे पहिले काम असायला हवे. नेमके तेच काम जवळपास कुठेच होत नाही.

माझ्या ओळखीचे एक गृहस्थ मालवाहू गाडी चालवून घर चालवतात. एका रात्री त्यांनी मला नोटिसा वाचायला बोलावले. "ताई, यात खरं देणं किती, तेवढं मला सांगा," म्हणाले. गाडीच्या कागदांच्या प्लॅस्टिकच्या पिशवीतून त्यांनी एकेक कागद काढला आणि जमिनीवर तारखेप्रमाणे मांडला. सात कागद होते. प्रत्येकावर चूक एका ओळीत: तारीख, वेळ, कलम. त्याखाली मूळ रक्कम, मग विलंब आकार, मग वसुली खर्च, मग एकूण. त्यातल्या दोन कागदांवर चूक एकच होती, तारीख-वेळही तीच, फक्त संदर्भ क्रमांक वेगळा. प्रकरण एका कार्यालयातून दुसरीकडे गेले तेव्हा नवा क्रमांक पडला होता आणि जुना तसाच राहिला होता. एक कागद वार्षिक शुल्काचा होता, तोही इंजिन बसल्यामुळे गाडी महिनोन्महिने उभी होती त्या काळातला. "गाडी बंद आहे हे कळवायचं असतं? कुणाला?" त्यांनी विचारले. मला तरी कुठे ठाऊक होते!

हा माणूस पळणारा नव्हता. पळणारा माणूस सात नोटिसा तारखेप्रमाणे जपून ठेवत नाही. सगळ्या कागदांच्या तळाशी एकच वाक्य होते: रक्कम पंधरा दिवसांत एकरकमी भरावी. हप्त्यांचा उल्लेख कुठे नाही, भेटायचे कुणाला ते नाही. "महिन्याला थोडं थोडं घेतलं तर वर्षात फेडतो. एवढे एकदम आणायचे तर गाडी विकावी लागेल, आणि गाडी विकली तर फेडू कशातून?" या प्रश्नाला त्या सात कागदांत उत्तर नव्हते.

पैसे नाहीत म्हणून माणसाला डांबू नये, हे कायद्याने फार उशिरा मान्य केले. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९७१ साली टेट विरुद्ध शॉर्ट या खटल्यात ते सांगितले. टेक्सासमधल्या एका गरीब माणसावर वाहतुकीच्या गुन्ह्यांचे ४२५ डॉलर चढले होते. ते नाहीत म्हणून त्याला तुरुंगाच्या शेतावर पाठवले, दिवसाला ५ डॉलर या दराने, म्हणजे ८५ दिवस. न्यायालय म्हणाले, ज्या गुन्ह्याला फक्त दंड आहे त्यात केवळ गरिबीपायी दंडाचा तुरुंगवास करता येणार नाही. १९८३ मध्ये बियर्डन विरुद्ध जॉर्जिया खटल्यात त्याच न्यायालयाने आणखी एक पाऊल टाकले: दंड भरला नाही म्हणून कैदेत टाकण्याआधी, का भरला नाही याची चौकशी झाली पाहिजे. माझ्या मते साऱ्या विषयाचा गाभा या चौकशीत आहे.

पण तुरुंगाचे दार अरुंद झाले तशी दुसरी वाट निघाली. दंड थकला की परवाना निलंबित. ऐकायला सौम्य वाटते. कॅलिफोर्नियात १०० डॉलरचा मूळ दंड निरनिराळे अधिभार लागून ४९० डॉलरवर जायचा आणि मुदत चुकली की ८१५ वर, असा हिशोब तिथल्या कायदा-साहाय्य संस्थांनी २०१५ मध्ये मांडला. न भरलेल्या दंडापायी किंवा चुकलेल्या तारखेपायी ज्यांचे परवाने गेले, अशांची संख्या त्या एका राज्यात ४० लाखांहून अधिक होती. परवाना गेला की कामावर जायची सोय जाते, काम गेले की दंड भरायचा पैसा जातो, आणि तरीही गाडी काढली तर विनापरवाना चालवण्याचा नवा गुन्हा. न्यू जर्सीत २००६ च्या शासकीय अभ्यासगटासाठी झालेल्या पाहणीत, परवाना निलंबित झालेल्यांपैकी ४२ टक्क्यांनी त्या काळात नोकरी गेल्याचे सांगितले. थकबाकीदाराचे कमाईचे साधन काढून घेऊन वसुली वाढेल, असे मानणारा माणूस कधी उधारीवर दुकान चालवू शकणार नाही.

परवाना हे सुरक्षिततेचे प्रमाणपत्र आहे. दारू पिऊन गाडी चालवणाऱ्याचा, पुन्हा पुन्हा सिग्नल तोडणाऱ्याचा परवाना जरूर काढून घ्यावा, आणि तो परत देताना दहादा विचार करावा. पण पैसे थकले म्हणून आणि जीव धोक्यात घातला म्हणून एकच शिक्षा दिली, तर परवाना निलंबित होण्याला काही अर्थच उरत नाही. रस्त्यावर अडवलेला माणूस धोकादायक आहे की फक्त कर्जबाजारी, हे पोलिसालाही कळेनासे होते. कॅलिफोर्नियाने २०१७ मध्ये दंड थकल्याबद्दल परवाना निलंबित करणे थांबवले. २०२२ मध्ये मुदत चुकल्याचा ३०० डॉलरपर्यंतचा आकार १०० डॉलरवर आणला. ही दया आहे असे मला वाटत नाही. इतकी वर्षे लावलेला हिशोबच चुकीचा होता, तो थोडासा दुरुस्त केला इतकेच.

आता दुसऱ्या टोकाकडे वळू, म्हणजे ज्यांना भरता येते आणि तरी जे भरत नाहीत त्यांच्याकडे. लंडनमध्ये २००३ पासून मध्यवर्ती भागात गाडी नेण्याचे शुल्क आहे. ते न भरणाऱ्यांत परदेशी दूतावास सर्वांत पुढे. शहराच्या वाहतूक संस्थेने २०२४ मध्ये आकडे दिले, तेव्हा २०२३ अखेरपर्यंतची दूतावासांकडची थकबाकी १४ कोटी पौंडांच्या वर गेली होती. पहिला क्रमांक अमेरिकेचा, १ कोटी ४० लाखांहून अधिक, दुसरा जपानचा, आणि तिसरा आपल्या भारताच्या उच्चायुक्तालयाचा, ८० लाखांहून अधिक. अमेरिकेचे म्हणणे असे की हा कर आहे, आणि राजनैतिक अधिकाऱ्यांना कर माफ असतो. ब्रिटनचे म्हणणे, हा कर नाही, सेवेचा मोबदला आहे. या शब्दावरून वीस वर्षे पत्रव्यवहार चालतो आणि कुणाची गाडी उचलली जात नाही. फर्ग्युसनमधल्या बाईला मात्र २५ डॉलर घेऊन आली तरी वाद घालायची सोय नव्हती.

धाक चालतच नाही असे मात्र नाही. न्यूयॉर्कमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या कार्यालयामुळे राजनैतिक अधिकाऱ्यांचा राबता मोठा. नोव्हेंबर १९९७ ते २००२ अखेर त्यांच्या गाड्यांवरचे पार्किंगचे दीड लाखाहून अधिक दंड न भरता राहिले, रक्कम १ कोटी ८० लाख डॉलरच्या पुढे. २००२ च्या ऑक्टोबरमध्ये शहराला या गाड्यांच्या राजनैतिक नंबरप्लेट काढून घेण्याचा अधिकार मिळाला आणि नियमभंग जवळपास ९८ टक्क्यांनी घसरले. या लोकांना पैशाची अडचण कधीच नव्हती, म्हणून सोय गमावण्याच्या नुसत्या भीतीने त्यांना शिस्त लागली. म्हणजे जप्ती, नंबरप्लेट, खात्यावर टाच ही हत्यारे निकामी नाहीत. ज्याच्याकडे द्यायला आहे त्याच्यावर ती चालतात. ज्याच्याकडे नाही त्याच्यावर चालवली तर वसूल काही होत नाही, फक्त माणूस मोडतो.

"मी वेळेवर भरतो, मग दुसऱ्याला सूट का?" हा प्रश्न मला रास्त वाटतो आणि त्याला टाळून पुढे जाता येणार नाही. वेळेवर भरणाऱ्याची खरी फसवणूक सरसकट सवलतीत होते. तेलंगणाने मार्च २०२२ मध्ये थकलेल्या चलानांवर दुचाकींना ७५ टक्के सूट दिली. त्यातून तिजोरीत मोठी रक्कम आली आणि त्याचे कौतुकही झाले. २०२३ च्या डिसेंबरात पुन्हा सूट आली, या वेळी दुचाकींना ८० टक्के. कर्नाटकाने फेब्रुवारी २०२३ मध्ये निम्मा दंड माफ केला, मुदत संपल्यावर त्याच वर्षी पुन्हा केला आणि २०२५ मध्ये आणखी एकदा. लोक यातून काय शिकले असतील? थांबा, सूट येईल. ज्याने पहिल्याच आठवड्यात रांगेत उभे राहून पूर्ण दंड भरला, त्याचा हा उघड अपमान आहे. शिवाय अशी सवलत महागड्या गाडीच्या मालकालाही मिळते आणि रोजंदारीवर जाणाऱ्या दुचाकीवाल्यालाही. न देणारा आणि देऊ न शकणारा पुन्हा एकाच रांगेत. माणसाची परिस्थिती बघून दिलेला हप्ता आणि तारीख बघून दिलेली माफी यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

परिस्थिती बघायची कशी? फिनलंडमध्ये १९२१ पासून दंड उत्पन्नाशी जोडलेला आहे. किरकोळ वेगभंगाला ठरावीक रक्कम, पण मर्यादा बरीच ओलांडली की चूक किती दिवसांच्या दंडाची ते ठरते आणि एका दिवसाचा दर त्या माणसाच्या उत्पन्नावरून निघतो. उत्पन्नाचा आकडा पोलिसांना करखात्याच्या नोंदींतून जागच्या जागी मिळतो. २०२३ मध्ये एका श्रीमंत उद्योजकाने ५० च्या टापूत ८२ च्या वेगाने गाडी नेली आणि त्याला १ लाख २१ हजार युरो दंड झाला. २००२ मध्ये नोकियाच्या एका संचालकाला १ लाख १६ हजार युरो झाला होता, पण मधल्या काळात त्याचे उत्पन्न घटले होते हे त्याने दाखवले आणि अपिलात दंड बराच खाली आला. मला यातला दुसरा प्रसंग जास्त महत्त्वाचा वाटतो. उत्पन्न घटले तर दंड घटतो, हे श्रीमंतालाही लागू आणि गरिबालाही.

ब्रिटनने हाच प्रयोग केला आणि तो सात-आठ महिन्यांत गुंडाळला. १९९१ च्या कायद्याप्रमाणे ऑक्टोबर १९९२ पासून दंड उत्पन्नाच्या पट्ट्यांत मोजला जाऊ लागला. रस्त्यावर वेफर्सचे रिकामे पाकीट टाकल्याबद्दल एकाला १,२०० पौंड दंड झाला, कारण त्याने उत्पन्नाची माहिती दिली नव्हती आणि माहिती न देणाऱ्याला सर्वांत वरच्या पट्टीत टाकायचे असा नियम होता. वर्तमानपत्रांत ओरड झाली आणि १९९३ मध्ये सरकारने माघार घेतली. या फसलेल्या प्रयोगाकडे बोट दाखवून, परिस्थिती बघणे व्यवहारात जमत नाही, असे म्हणणारे आहेत. मला त्यातून वेगळेच दिसते. फिनलंडमध्ये माहिती सरकार स्वतः काढते. ब्रिटनमध्ये ती नागरिकाने फॉर्म भरून द्यायची होती, आणि फॉर्म न भरणारा आपोआप श्रीमंत ठरत होता. अडचणीतला माणूस सर्वांत आधी फॉर्म भरायचे सोडतो, पाकिटे उघडायचे सोडतो. ज्या व्यवस्थेला हे ठाऊक नाही ती कितीही चांगल्या हेतूने उभी केली तरी कोसळणारच. ऑस्ट्रेलियातल्या न्यू साउथ वेल्सने ते ओळखले. तिथे खरोखर अडचणीत असलेल्या माणसाला बिनपगारी काम, व्यसनमुक्तीचे उपचार, शिक्षण किंवा समुपदेशन यांतून दंड फेडता येतो, आणि त्याच्या वतीने अर्जाचे काम मान्यताप्राप्त संस्था किंवा डॉक्टर करतात.

शुल्काच्या थकबाकीकडे मी मुद्दाम वेगळे बघते. दंड चुकीबद्दल असतो, शुल्क वापराबद्दल. वसुलीच्या यादीत मात्र दोन्ही शेजारी शेजारी येतात. कॅलिफोर्नियात तर राज्याचे आयकर खातेच थकलेली नोंदणी-शुल्केही वसूल करते आणि कोर्टाचे दंडही, पगारातून कपात करून किंवा बँक खात्यावर टाच आणून. शुल्क थकवणारा गुन्हेगार नाही, निदान सुरुवातीला तरी. त्याला गुन्हेगार बनवते ती पद्धत शिकागोत दिसली. तिथे गाडीच्या काचेवर शहराचे वार्षिक शुल्क भरल्याचे स्टिकर लावावे लागे. ते नसल्याचा दंड २०१२ मध्ये १२० वरून २०० डॉलर केला. मुदत चुकली की दुप्पट, वर वसुलीचा खर्च, असे करत एका स्टिकरपायी ४८८ डॉलर होत. त्यातून दरवर्षी १ कोटी ६० लाख डॉलर जास्त मिळतील असे सांगितले होते. हाती आला त्याचा लहानसा हिस्सा. बाकीचे शहरातल्या गरीब वस्त्यांच्या नावावर कर्ज म्हणून साचत गेले आणि लोक दिवाळखोरीचे अर्ज करू लागले. स्टिकर विकत घेणे ज्याला जड जात होते, त्याच्याकडे स्टिकरच्या कितीतरी पट दंड कुठून येणार होता?

शुल्काबाबत सोपे उपाय खूप आहेत, आणि ते भाषणांत येत नाहीत म्हणूनच मी त्यांच्याबद्दल आग्रही आहे. ब्रिटनमध्ये १९९८ पासून गाडी रस्त्यावर नाही असे कळवण्याची सोय आहे. कळवले की त्या काळाचा वाहनकर लागत नाही. २०१४ मध्ये कर भरल्याची काचेवरची कागदी चकती बंद झाली, तेव्हाच हा कर महिन्याच्या हप्त्यांनी बँकेतून भरायची सोयही आली, वर फक्त ५ टक्के. चकती गेल्यावर कर चुकवणाऱ्या गाड्यांचे प्रमाण २०१३ च्या ०.६ टक्क्यांवरून २०१५ मध्ये १.४ टक्क्यांवर गेले. सगळेच काही एका रात्रीत लबाड झाले नसतील. डोळ्यासमोरची तारीख नाहीशी झाली हेही त्यामागे असणार. एक आठवण, एक संदेश, एक फोन यांचा खर्च जप्तीच्या खर्चापुढे काहीच नाही. विकलेल्या गाडीची नोंद जुन्या मालकाच्या नावावर राहते आणि वर्षानुवर्षे नोटिसा भलत्याच दारात येतात, तेही असेच. विक्री कळवणे फोनवर दोन मिनिटांचे काम करा, मग बघा थकबाकीतला किती भाग मुळात थकबाकीच नव्हता.

हे होत का नाही? कारण बऱ्याच ठिकाणी दंडाकडे उत्पन्न म्हणून पाहिले जाते. फर्ग्युसनच्या २०१५ च्या अंदाजपत्रकात १ कोटी ३२ लाख डॉलरच्या जमेपैकी सुमारे ३१ लाख दंड आणि शुल्कांतून येतील असे धरले होते. त्याच्या काही वर्षे आधी शहराच्या वित्त अधिकाऱ्याने पोलीसप्रमुखांना लिहून कळवले होते की वर्षअखेरपर्यंत चलाने लक्षणीय वाढली नाहीत तर पुढच्या वर्षी वसुली वाढवणे कठीण जाईल. २१ हजार वस्तीच्या त्या शहरात १६ हजारांहून अधिक लोकांवर वॉरंटे निघालेली होती. दंडाच्या पैशावर पगार आणि कार्यालये चालू लागली की लोक नियम पाळू लागले हीच तिजोरीची अडचण होऊन बसते. म्हणून दंडाची जमा वसूल करणाऱ्या खात्याच्या हाती कधीच राहू नये. ती रस्ता सुरक्षेच्या किंवा अपघातग्रस्तांच्या निधीत जावी, आणि खात्याचे काम किती रुपये आणले यावरून न जोखता, किती प्रकरणे वाजवी रीतीने मिटवली यावरून जोखावे. विलंब आकाराला मूळ रकमेच्या प्रमाणात पक्की मर्यादा हवी, आणि ती कायद्यातच लिहिलेली हवी.

त्या गृहस्थांचे सात कागद आम्ही शेवटी लावले. दुबार असलेला एक वेगळा काढला, गाडी उभी होती त्या महिन्यांसाठी गॅरेजची पावती जोडली आणि उरलेल्या रकमेसाठी बारा हप्त्यांचा अर्ज लिहिला. अर्ज कुणाच्या नावे करायचा हे कागदावर नव्हते, म्हणून "मा. वसुली अधिकारी" असे घातले. त्याला आता दोन महिने होत आले, उत्तर नाही. विलंब आकार चालूच आहे. पहिल्या दोन हप्त्यांचे पैसे त्यांनी बाजूला काढून त्याच प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवले आहेत आणि घ्यायला कोण तयार आहे ते मला दर आठवड्याला विचारतात.